पांढरी एक, जराशी उतरलेली

रावपुऱ्यातल्या माझ्या दुकानात पेट्या येतात
आपापली दुखणी घेऊन.
भाता फुसफुसतो, कोमल निषाद घोगरा झालाय,
चामडं उंदरानं खाल्लं.
पेटी निदान भाता दाबला की बोलते.

माझ्या पायांना आधी मुंग्या आल्या.
मग रात्री साडेबाराच्या सुमाराला
तळव्यांखाली कुणीतरी शेगडी सरकवायचं.
चादरीचा काठ अंगठ्याला लागला तरी मी कळवळायचो
आणि दिवसा, मांडवीला पोचल्यावर बघतो तर
डाव्या पायात चप्पलच नाही.
कुठं निसटली, पायाला पत्ता नाही.

जिथं काही कळत नव्हतं
तिथंच दुखत होतं.
हे सांगायचं कुणाला, आणि कोणत्या तोंडानं?

इंदुमती म्हणाली, उष्णता.
काशाच्या वाटीनं तूप चोळलं तिनं महिनाभर.
वाटी काळी पडली.
मेहुणे म्हणाले, नस दबलीय, कमरेचा फोटो काढा.
फोटो स्वच्छ आला. मेहुणे जरा नाराज झाले.

शेवटी सयाजी हॉस्पिटल, दोन तास बाकावर.
डॉक्टर पंचोली, माझ्या नातीहून चार वर्षांनी मोठी असेल.
नायलॉनचा धागा काढला. डोळे मिटा काका,
टोचलं की हो म्हणा.
मी मिटून बसलो. बराच वेळ.
वाटलं, पोर चहाला गेली.
ती दहादा टोचून झाली होती.
मी तीनदा हो म्हटलं होतं, त्यातलं एक अंदाजानं.

मग तिनं चिमटा काढला, दोन पायांचा, लोखंडी,
मनगटावर आपटून माझ्या अंगठ्यावर टेकवला.
"झणझणाटी थाय छे?"
नाही, म्हटलं. पण बेन,
ही पांढरी एक आहे. खर्जातली. जराशी उतरलेली.
तिनं चिमटा उलटा करून आकडा वाचला
आणि पहिल्यांदाच माझ्याकडे नीट पाहिलं.

घोट्यावर नाही. नडगीवर नाही.
गुडघ्याखाली चार बोटं आल्यावर
सूर हाडात शिरला.
तिथं तिनं बॉलपेननं रेघ मारली.

रक्तात साखर निघाली, जुनी, मुरलेली.
सगळ्यात लांब तार आधी जाते, ती म्हणाली,
म्हणून पाय.
पण गेलेली तार ओरडते कशी?
तिला शब्द सापडेनात, मला मात्र सापडला.

आमच्याकडे येते अशी पेटी.
भाता भरला रे भरला की
बोट न लावता एक पट्टी गात सुटते.
गवई घाबरतात, एकानं तर लिंबू बांधलं होतं.
काही नसतं. पट्टीखालचं चामडं झिजलेलं,
झाकण नीट बसत नाही, वारा आपला निसटत राहतो.
दहा मिनिटांचं काम.

"मग बदलून टाका," मी म्हटलं.
ती गप्प राहिली थोडी.
याचं चामडं बाजारात नाही, काका.
आवाज कमी करता येईल.
आणि साखर आवरलीत तर बाकीचे सूर वाचतील.

गोळी रात्रीची. मूळची फिट्सची म्हणे,
ते वाचून इंदुमतीनं देवापुढं साखर ठेवली,
मग उचलली.
पहिला आठवडा मी डुलत होतो,
कानस हातातून पडली, एक चांगला गंधार बिघडवला.
नंतर शेगडी आमच्या खोलीतून निघाली.
गेली नाही. भिंतीपलीकडे बिऱ्हाड केलंय तिनं.

आता झोपण्याआधी इंदुमती हातआरसा धरते
आणि मी माझे तळवे वाचतो.
परवा पितळेचा कीस सापडला, आत रुतलेला.
रक्त वाळून गेलं होतं. कधीचा, देव जाणे.

दुकान बंद करताना कधीकधी
पेटी जमिनीवर घेतो,
चप्पल काढून टाच तिच्या लाकडाला लावतो
आणि पांढरी एक दाबून धरतो, भाता संपेपर्यंत.
काहीतरी येतं वर.
टाचेतून की कानातून,
अजून ठरत नाही.